न्यायमूर्ती ब्राउंड आणि १९४३ चा बंगाल: हायकोर्टाच्या जजाला धान्याचं काम द्यायला हवं होतं का?

जुनं दप्तर

बंगालच्या दुष्काळावर बोलणं निघालं की चर्चिल, गव्हर्नर हर्बर्ट, बंगालचे पुरवठामंत्री सुऱ्हावर्दी आणि फार तर खरेदीचे एजंट इस्पहानी एवढीच नावं येतात. न्यायमूर्ती एच. बी. एल. ब्राउंड हे नाव मात्र कायम तळटीपेत राहतं. हे गृहस्थ आधी रंगून हायकोर्टाचे जज. १९३८ च्या जुलैत ब्रह्मदेशात भारतीयांविरुद्ध, त्यातही मुसलमानांविरुद्ध दंगली उसळल्या, त्यांच्या चौकशी समितीचे अध्यक्ष हेच. पुढे अलाहाबाद हायकोर्टात आले. आणि १९४३ मध्ये, बंगाल उपाशी मरत असताना, भारत सरकारचे पूर्व विभागाचे रीजनल फूड कमिशनर झाले. म्हणजे बंगाल, बिहार, ओरिसा, आसाम या सगळ्या पट्ट्यातल्या धान्याच्या हालचालीवर नजर ठेवणारा माणूस.

माझं म्हणणं असं की ही नेमणूकच चुकली. माणूस वाईट होता म्हणून नव्हे. तो बॅरिस्टर-जज होता, आयसीएस म्हणजे प्रशासन चालवणाऱ्या सनदी सेवेतला नव्हता. त्याने कधी जिल्हा चालवला नव्हता, आणेवारी म्हणजे पिकाचा अंदाज काढला नव्हता, तगाई म्हणजे शेतकऱ्यांना सरकारी कर्ज वाटलं नव्हतं. न्यायासनावरचा माणूस दोन्ही बाजू ऐकून, कागद पाहून मग निकाल देतो. धान्याच्या बाजारात पहिल्या बाजूचं ऐकून होईपर्यंत भाव बदललेला असतो. कलकत्त्यातला जाड्या तांदळाचा भाव पाहा: ३ मार्च १९४३ ला मणाला १५ रुपये, १७ मे ला ३० रुपये १० आणे. मणाचे ४० शेर, म्हणजे शेराला ६ आण्यांवरून सव्वाबारा आणे. मध्ये अडीच महिने. हायकोर्टात तेवढ्या वेळात प्रतिवादीची कैफियतसुद्धा दाखल होत नाही.

आणि याच सुमारास सगळे निर्णय झाले. ११ मार्चला बंगाल सरकारने भावनियंत्रण सोडून दिलं. शेजारच्या प्रांतांकडून तांदूळ आणून कलकत्त्याचा बाजार पाडायची बचाव योजना निघाली आणि बसली. १८ मे ला दिल्लीने पूर्वेकडच्या प्रांतांमधली नाकेबंदी उठवून मुक्त व्यापार सुरू केला. जुलैत तोही गुंडाळायचं ठरलं. चार महिन्यांत चार धोरणं. अशा जागी रोज संध्याकाळी गोदामाची शिल्लक मागणारा कलेक्टर हवा होता.

हंगामी वकील

असहमत. तुम्ही खुर्चीचा दोष माणसाच्या नावावर टाकताय.

रीजनल कमिशनरकडे होतं काय? स्वतःचं गोदाम नाही, खरेदीची यंत्रणा नाही, प्रांतांना हुकूम द्यायचा अधिकार नाही. १९३५ च्या कायद्याने अन्न आणि प्रांतातला व्यापार प्रांतांकडे गेला होता. युद्धामुळे १९३९ मध्ये त्या कायद्यात कलम १२६अ घातलं गेलं, त्याखाली केंद्र सरकार प्रांताला आदेश देऊ शकत होतं. पण ते हत्यार दिल्लीच्या हातात होतं आणि दिल्ली ते म्यानातून काढायला कचरत होती. बिहार म्हणणार आमच्याकडे जास्तीचा तांदूळ नाही, ओरिसा म्हणणार आधी आमचा माणूस, आसाम म्हणणार आमच्या सरहद्दीवर फौज आहे. मध्ये बसलेल्याने करायचं काय? समजूत घालायची आणि दिल्लीला तार करायची.

जज का नेमला, याबद्दल माझा तर्क सांगतो. एकमेकांवर विश्वास नसलेल्या चार सरकारांमध्ये कुठल्याच केडरचा नसलेला माणूस बरा वाटला असणार. बंगाल केडरचा आयसीएस बसवला तर बिहार म्हणणार तो बंगालचा, बिहारचा बसवला तर बंगाल बोंबलणार. तिथे पंच हवा होता. रंगूनच्या दंगलसमितीत बर्मी आणि भारतीय मुसलमान सदस्यांना एका टेबलाभोवती बसवून ब्राउंडने अहवाल काढला होता. त्या समितीने दंगल फक्त एका पुस्तकावरून पेटली असं मानलं नाही. जमीन, कर्ज, बाहेरून येणारे मजूर, लग्नाचे कायदे, वर्तमानपत्रांची भाषा इथपर्यंत ती गेली. दक्षिण ब्रह्मदेशातल्या मुख्य भातजिल्ह्यांत चेट्टियार सावकारांकडे १९३० मध्ये ६ टक्के जमीन होती, १९३८ पर्यंत २५ टक्के झाली. मंदीत भाताचा भाव कोसळल्यावर कुळाचं काय होतं, हे त्याने साक्षीपुराव्यात पाहिलं होतं. भातशेतीचा 'अनुभव नाही' म्हणणं थोडं सवंग आहे.

वाघीण

दोघंही माणसाभोवती फिरताय. जरा रेल्वेचं गणित करू.

बचाव योजनेत साडेतीन लाख टन तांदूळ आणायचा होता असं धरून बघू. ब्रॉडगेजची चार चाकी बंद वाघीण साधारण २२ टन घेते. म्हणजे जवळजवळ १६ हजार वाघिणी. ५० वाघिणींची एक गाडी धरली तर ३१८ गाड्या. दोन महिन्यांत पोचवायच्या तर दिवसाला पाचाहून जास्त, आणि तितक्याच रिकाम्या परत. हे केव्हा? आसाम आघाडीसाठी त्याच मार्गांवरून दारूगोळा, पेट्रोल आणि सैन्य जात असताना.

एका वाघिणीत टनाला २७ मण या हिशेबाने सुमारे ६०० मण, म्हणजे दोन मणी ३०० पोती. एवढं एका लहान स्टेशनावर वेळेत भरायला ३०० पोती आधीच फलाटाजवळ हवीत, तोललेली, शिवलेली, आणि वर ताडपत्री टाकलेली. बारदान आलं नाही की भात व्यापाऱ्याच्या वखारीत सुटं पडून राहतं. पोती आली आणि वाघीण आली नाही की ती उघड्यावर भिजतात. वाघीण आली आणि हमाल नसले की ती अडकून पडते आणि स्टेशनमास्तर पुढच्या आठवड्याचा कोटा कापतो. साखळीतली एक कडी नसली की बाकीच्या असून नसल्यासारख्या.

त्यात जुलै १९४३ मध्ये दामोदरचा बांध फुटला आणि ईस्ट इंडियन रेल्वेची कलकत्त्याकडे येणारी मुख्य लाइन तुटली. ऐन गरजेच्या वेळी. यात जज काय आणि कलेक्टर काय.

जुनं दप्तर

वाघीण, गणित मान्य. पण ते माझ्याच बाजूचं आहे. बारदान, ताडपत्री, हमाल, रिकाम्या गाड्या या गोष्टी ज्याने हाताळल्या आहेत, तो योजना कागदावर असतानाच विचारतो की पहिल्या आठवड्यात किती वाघिणी भरणार. हा तांदूळ कुणाच्या गोदामातून येणार होता? बिहार आणि ओरिसाने तेवढा तांदूळ आहे असं कधी कबूल केलं नव्हतं. पोतं हाती नसताना योजना निघाली कशी?

वकीलसाहेब, पंच हवा होता म्हणता. पंच तेव्हा लागतो जेव्हा वाटून घ्यायला काहीतरी समोर असतं. इथे पारडं रिकामं आणि पंच न्यायनिवाडा करतोय.

मापाडी

मुक्त व्यापाराबद्दल लोक 'चुकीचं धोरण' एवढंच म्हणून पुढे जातात. बाजारात ते कसं उतरतं ते पाहा.

ओरिसातला एखादा आठवड्याचा बाजार घ्या. नाकेबंदी आहे तोवर सरकारी खरेदीदार ठरलेल्या भावाने घेतो, स्थानिक अडत्या त्याच्या आगेमागे घेतो. नाकेबंदी उठल्यावर कलकत्त्याच्या व्यापाऱ्याचा माणूस येतो. कलकत्त्यात ३० रुपये भाव आहे हे त्याला माहीत आहे. वाहतूक, बारदान, दलाली, तूट सगळं धरूनही इथे तो स्थानिक भावाच्या दीडपट बोलू शकतो. तो माल उचलत नाही, आधी इसार देतो. चार अडत्यांना रोख इसार मिळाला की बाकीचे आठजण माल दाबून धरतात, कारण पुढच्या बाजाराला आणखी मिळेल. सरकारी खरेदीदार ठरलेल्या भावाला बांधलेला, तो रिकाम्या हाताने परत जातो. मोठ्या शेतकऱ्याला हे कळतं आणि तोही कणगी झाकतो. आणि ज्याला रोजच्या मजुरीतून रोजचा शेर घ्यायचा आहे, त्याला त्याच बाजारात तांदूळ परवडेनासा होतो. त्याने कलकत्ता पाहिलेलंही नसतं.

म्हणजे भाव समान झाला, पण वरच्या पातळीला. ओरिसा आणि बिहार सरकारांनी आरडाओरडा केला तो यासाठी. ओरिसातल्या बालासोर जिल्ह्यात त्या वर्षी दुष्काळ पडला हे बरेचजण विसरतात.

दिल्लीचा तर्क अगदीच वेडगळ नव्हता. भिंती काढल्या की तांदूळ स्वस्त जागेहून महाग जागी वाहील, असं पुस्तकात असतं. पण पुस्तकातला तांदूळ वाहतो तेव्हा दोन्हीकडे पुरेसा असतो आणि उद्याचा भाव आजच्याइतकाच राहील असं सगळ्यांना वाटत असतं. १९४३ च्या मे महिन्यात पोतं विकणारा मूर्ख आणि ठेवणारा शहाणा होता. अशा वेळी मोकळीक दिली की माल आधी साठ्यात जातो.

निर्णय दिल्लीचा. ब्राउंडच्या खुर्चीने तो अमलात आणायचा होता. माझा प्रश्न असा की प्रांतांचा विरोध समोर दिसत असताना त्या खुर्चीवरचा माणूस राजीनाम्याची भाषा करू शकत होता का? जजाला परत जायला न्यायासन होतं. आयसीएसला तेवढीही मोकळीक नव्हती.

हंगामी वकील

राजीनाम्याने पोतं हललं असतं का? फेब्रुवारी १९४३ मध्ये व्हाइसरॉयच्या कौन्सिलातून आपले बापूजी अणे, होमी मोदी आणि अन्नखात्याचे सदस्य नलिनीरंजन सरकार तिघे बाहेर पडले. कारण गांधीजींचा उपास. तत्त्वाचा राजीनामा, आदर आहे. पण डिसेंबर १९४२ मध्ये नुकतंच उघडलेलं अन्नखातं तिसऱ्या महिन्यात मंत्र्याविना झालं. मग अझीझुल हक आले, ऑगस्टपासून जे. पी. श्रीवास्तव. बंगालमध्येही तेच. मार्चअखेर फजलुल हकांचं मंत्रिमंडळ पडलं, जवळजवळ महिनाभर गव्हर्नरची राजवट, २४ एप्रिलला नाझिमुद्दीन आणि पुरवठामंत्री सुऱ्हावर्दी. या सगळ्यात आणखी एक राजीनामा कुणाच्या लक्षात राहिला असता?

खरा कायद्याचा मुद्दा वेगळाच आहे आणि त्यावर कुणी बोललं नाही. बंगालमध्ये फॅमिन कोड, म्हणजे दुष्काळात सरकारने काय करायचं याची नियमावली, लागू केलीच नाही. दुष्काळ जाहीर केला की चाचणीची कामं, मोफत शिधा, ठरलेल्या मापाचं धान्य हे सगळं सरकारवर बंधनकारक होतं. तेवढं धान्य हाताशी नाही म्हणून जाहीरच करायचं नाही, असा तो न्याय. इथे एका जजाने तरी लेखी विचारायला हवं होतं की नियमाची अट पूर्ण होत नाही म्हणून नियमच नाही, हे कुठल्या कायद्यात बसतं.

सातबारा

आता मुंबईकडे या. तुलना बोचेल, पण करायला हवी.

मुंबई इलाखा तुटीचा. ब्रह्मदेशचा तांदूळ मुंबईतही यायचा. ८ मार्च १९४२ ला रंगून पडलं आणि तो बंद झाला. १९४२-४३ मध्ये विजापुरात टंचाई. तरी मुंबई शहरात २ मे १९४३ ला रेशनिंग सुरू झालं, देशात सगळ्यात आधी. कलकत्त्यात ते ३१ जानेवारी १९४४ ला आलं. मध्ये नऊ महिने, आणि त्या नऊ महिन्यांत काय झालं ते सगळ्यांना माहीत आहे.

मुंबईत हे काम ए. डी. गोरवाला यांच्याकडे होतं. आयसीएस, पुरवठ्याचे कमिशनर, कडक म्हणून प्रसिद्ध. पण त्यांच्या कडकपणापेक्षा मला दोन गोष्टी महत्त्वाच्या वाटतात. पहिली क्रमाची: आधी घरोघर माणसं मोजून कार्ड, मग दुकान ठरवून त्याला कार्डं जोडायची, मग दुकानाचा कोटा, आणि मगच बाजारातल्या खाजगी घाऊक विक्रीवर घाव. हा क्रम उलटा केला की दुकान बंद आणि कार्ड हातात नाही, अशी पाळी येते.

दुसरी गोष्ट जमिनीची. आपल्याकडे रयतवारी. प्रत्येक शेताचा सर्व्हे नंबर, पीकपाहणी, तलाठी, मामलेदार. त्यामुळे पुढे लेव्ही बसवता आली: इतकं क्षेत्र, इतकं पीक, इतकं घरखर्चाला सोडून बाकीचं सरकारला. बंगालमध्ये कॉर्नवॉलिसच्या कायमधाऱ्यापासून सरकारचा संबंध जमीनदाराशी. गावात सरकारचा महसुली माणूसच नाही. १९४२ च्या अखेरीस भात किती आलं, याचा बंगाल सरकारचा आकडा हा अदमास होता. पीक कमी आलं हे खरं, १६ ऑक्टोबर १९४२ चं मिदनापूरचं वादळ आणि भातावरचा करपा दोन्ही होते. पण किती कमी, हे सांगणारा तलाठी नव्हता.

म्हणून जुनं दप्तर, तुम्ही म्हणता तसा कलेक्टर बसवला असता तरी त्याने आणेवारी विचारायची कुणाला?

पूर्वेकडचा

मुंबईचं कौतुक जरा आवरा. मुंबईत नोव्हेंबर १९३९ पासून कलम ९३ ची राजवट होती. गव्हर्नर आणि सल्लागार, मंत्रिमंडळ नाही, त्यामुळे गोरवालांना दुकानं कुणाला द्यायची यावर आमदारांशी भांडावं लागलं नाही. कलकत्त्यात रेशनिंग लांबलं त्याचं एक कारण हेच: दुकानं सरकारी की खाजगी व्यापाऱ्यांची, आणि नोकरभरतीत हिंदू-मुसलमान प्रमाण किती. माणसं फुटपाथवर मरत असताना प्रमाणावर खल चालला होता, हे लाजिरवाणं आहे, पण ते ब्राउंडच्या टेबलावरचं नव्हतं.

शिवाय मुंबई म्हणजे बेटाचं शहर, धान्य यायच्या वाटा मोजक्या. बंगाल म्हणजे नद्यांचं जाळं. तिथे तांदूळ होडीने चालतो. १९४२ च्या मे महिन्यात जपान्यांच्या हाती लागू नयेत म्हणून दहा किंवा अधिक माणसं नेणाऱ्या होड्या काढून घ्यायचा हुकूम निघाला. नोंदलेल्या ६६ हजारांच्या आसपास होड्यांपैकी २० हजारांच्या आसपास उरल्या. कोळी समुद्राला मुकला, कुंभाराची माती थांबली, डेल्टातल्या शेतकऱ्याला पलीकडच्या चरावरच्या शेतात जाता येईना. त्याच धोरणात किनारी जिल्ह्यांतला जास्तीचा तांदूळ सरकारने उचलला. वाघीण रेल्वेचं बोलले, पण बंगालची खरी मालगाडी होडी होती आणि ती ब्राउंड यायच्या आधीच मोडून ठेवली होती.

कोकणतांदूळ

दुष्काळाची चौकशी करणाऱ्या वुडहेड कमिशनने बळी १५ लाख धरले. नंतरच्या अभ्यासकांचे आकडे २० ते ३० लाखांच्या घरात जातात. त्याच कमिशनने व्यापाऱ्यांचा जादा नफा १५० कोटी रुपये धरला आणि एका बळीमागे एक हजार रुपये असा भागाकारही छापला. या आकड्यांसमोर एका खुर्चीवर कोण बसलं होतं यावर इतकं का घासताय?

मापाडी

कोकणतांदूळ, कारण तो भागाकार आपोआप झाला नाही. कुठल्या तारखेला कोणतं बंधन उठलं, यावर तो नफा अवलंबून होता. ११ मार्च आणि १८ मे या दोन तारखांच्या आधी ज्याच्या गोदामात माल होता, त्याने काहीही न करता दुप्पट कमावले. जूनमध्ये सुऱ्हावर्दींनी साठेशोध मोहीम काढली ती खेड्यापाड्यांत. कलकत्ता आणि हावडा वगळून! जिथे मोठे साठे असायची शक्यता, तेच सोडून.

सातबारा

पूर्वेकडचा यांचं कलम ९३ चं म्हणणं बरोबर आहे, मान्य. पण एक गोष्ट मुंबईच्या पारड्यात राहतेच. पूर्वेकडचा मुक्त व्यापार पुढे देशाच्या मोठ्या भागाला लावायचा दिल्लीचा विचार होता. मुंबई आणि मद्रास अडून बसले. जुलैच्या अन्नपरिषदेत तो बेत मागे पडला. वुडहेड कमिशनने पूर्वेकडचा अनिर्बंध मुक्त व्यापार ही चूक ठरवली आणि तो देशभर लावायचा निर्णयही चुकीचा ठरवला. म्हणजे प्रांत 'नाही' म्हणू शकत होते. बिहार आणि ओरिसाही म्हणाले होते, पण मे महिन्यात त्यांचं कुणी ऐकलं नाही.

त्यानंतरच्या, धान्यधोरण ठरवणाऱ्या ग्रेगरी समितीवर आपले धनंजयराव गाडगीळ होते. समितीने लाखावर वस्तीच्या शहरांत रेशनिंग सांगितलं, प्रौढाला रोज एक पौंड धान्य, म्हणजे साधारण अर्धा शेर. मोठ्या कलकत्त्याची ४० लाख माणसं सरसकट प्रौढ धरली तरी दिवसाला १,८०० टनांच्या आत बसतं.

वाघीण

म्हणजे दिवसाला ८० वाघिणी. पोचवता येण्याजोगा आकडा आहे, रोज आणि न चुकता मिळाल्या तर. भरमसाट तांदूळ एकदम ओतून बाजार पाडायची कल्पना आणि रोज ८० वाघिणींचा रतीब यातला फरक इथे दिसतो. १९४४ मध्ये कलकत्ता तगलं ते रतिबावर.

पण पोचल्यानंतरचंही बघा. १९४३ च्या अखेरीला बाहेरून धान्य यायला लागलं तेव्हा शिवपूरच्या बोटॅनिकल गार्डनमध्ये ते उघड्यावर रचून ठेवलं होतं, गोदामं नव्हती म्हणून. थप्पीखाली फळ्या किंवा विटांची बैठक नसली की खालचे थर जमिनीतली ओल ओढतात आणि आतून तापतात. वरून थप्पी शाबूत दिसते. आधी भूक, मग धान्य, मग गोदाम, असा उलटा प्रवास.

जुनं दप्तर

अर्धा मुद्दा मागे घेतो. अधिकार नव्हते, होड्या नव्हत्या, तलाठी नव्हता, हे तिघांनी नीट दाखवलं. कलेक्टर बसवला असता तरी फार फरक पडला नसता, हेही एक वेळ मान्य.

उरलेला अर्धा धरून आहे. जजाचं नाव खुर्चीला लावलं की खुर्चीला वजन आल्यासारखं दिसतं. दिल्लीला तेच हवं होतं: अधिकार न देता प्रतिष्ठा द्यायची. प्रांतांना वाटणार निष्पक्ष माणूस बसलाय, बंगालला वाटणार आपल्यासाठी कुणीतरी भांडतोय, आणि कलम १२६अ फाइलीतच राहणार. ब्राउंड चांगला जज होता म्हणूनच तो तिथे उपयोगाचा होता, पण दिल्लीच्या उपयोगाचा.

आणि ज्या कामाला तो खरा लायक होता ते त्याला मिळालं नाही. १९४४ मध्ये त्याने दुष्काळावर टाइप केलेलं टिपण लिहिलं, ते ब्रिटिश लायब्ररीत आहे. रंगूनच्या दंगलीसारखी इथेही साक्षी घेऊन कारणं शोधायचं काम त्याच्या सवयीचं होतं.

हंगामी वकील

यातली गंमत तुमच्या लक्षात आली का? चौकशी कमिशन नेमलं तेव्हा हायकोर्टाचा जज साक्षीदार म्हणून उभा राहिला आणि न्यायनिवाडा करायला बसले सर जॉन वुडहेड, जे आयसीएस. १९३८ मध्ये पॅलेस्टाइनच्या फाळणीची चौकशीही त्यांनीच केली होती. जज धान्य मोजतोय, कलेक्टर निकाल लिहितोय.

ब्राउंडची साक्ष आज वाचायला मिळते ती मणिलाल नानावटींमुळे. कमिशनचे सदस्य, बडोद्याचे जुने अधिकारी. साक्षींच्या प्रती नष्ट करायचा हुकूम होता असं सांगतात, यांनी आपल्या जपून ठेवल्या.

पूर्वेकडचा

वुडहेड नुसते आयसीएस नव्हते, बंगाल केडरचे होते. १९३९ मध्ये काही महिने बंगालचे हंगामी गव्हर्नर. कायमधाऱ्याच्या प्रांतात पीक कसं मोजलं जातं, हे त्यांना त्या खोलीतल्या कुणाहीपेक्षा जास्त माहीत होतं. वकीलसाहेब, तुम्हीच वर म्हणालात की बंगाल केडरचा माणूस बिहारला चालला नसता. मग निकाल लिहायला तो कसा चालला?